सरांच्या आवाजातला सिनेमा

सोनई

प्रिय ज्योती,

तुझ्या डाव्या कानाला आता पुन्हा ऐकू येणार नाही. नगरच्या कानाच्या डॉक्टरांनी दुसरा रिपोर्ट बघून हे नक्की सांगितलं, असं जोसनं आज सकाळी फोनवर कळवलं. पडदा शिवता येईल, पण आतली नस गेली आहे, ती परत येत नाही. डॉक्टर बोलत असताना एलियाम्मानं तुझा हात धरला होता, बाहेर आल्यावर तू उसाचा रस मागितलास आणि रडली नाहीस, हेही त्यानंच सांगितलं. मी सगळं ऐकून घेतलं आणि फोन ठेवला. तुझी आई चुलीपुढून म्हणाली, "काय म्हनले डॉक्टर?" मी म्हणालो, सुधारणा आहे. अर्ध्या तासानं पुन्हा आत जाऊन खरं काय ते सांगितलं. तिनं तवा खाली उतरवला आणि माझ्याकडं न बघता म्हणाली, "येकदाच खरं सांगता येत न्हाई का तुमाला? दोनदा ऐकायला लागतं." भाकरी अर्ध्या कच्च्याच राहिल्या.

तू माझा फोन घेत नाहीस, त्याला आता तीन महिने झाले. मी तक्रार करत नाही. जोस शनिवारी येणार आहे, त्याच्या हाती हे पत्र देतो. कोर्टातली केस आता साक्षीपर्यंत आली आहे, हे तुला माहीत आहेच. त्याआधी काही गोष्टी तुला माझ्याकडूनच कळायला हव्यात. लांबण लागेल, पण वाच.

तू खर्ड्याहून, सासरहून निघालीस तो दिवस माझ्या डोक्यातून जात नाही. जामखेडला गाडी बदललीस, नगरच्या स्टँडवर उतरलीस. त्या स्टँडवरून मी उभी नोकरी ये-जा केली आहे. घोडेगाववरून सोनईला येणारी गाडी कुठं लागते आणि राहुरीवरून श्रीरामपूरला जाणारी कुठं, हे मला डोळे मिटून सांगता येईल. तू श्रीरामपूरच्या गाडीत बसलीस. आईबापाचं घर सोडून जोस आणि एलियाम्माच्या दारात उतरलीस. दुपारी जोसचा फोन आला, "सर, ज्योती आमच्याकडं आहे. जेवली. पण तिकडं येणार नाही म्हणते." मी विचारलं, का? तो म्हणाला, "ते तुम्हाला माहीत असेल." मला माहीत होतं. तरी मी आईला सांगितलं की दवाखाना जवळ पडतो म्हणून ती तिकडं थांबली.

ही दोघं आपल्या घरात कशी आली, ते तुला आठवत असेल. तू सातवीत होतीस. तुझ्या आईचं गर्भपिशवीचं ऑपरेशन श्रीरामपूरच्या मिशन दवाखान्यात झालं. एलियाम्मा तिथं नर्स, तिचा नवरा जोस लॅबमध्ये. बारा दिवस एलियाम्मानं तिला बहिणीसारखं सांभाळलं. कोट्टायमजवळच्या कुठल्याशा गावातून पंचविशीत आलेली माणसं, आता आपल्यापेक्षा जास्त नगरी झाली आहेत. जोस शेंगोळी मागून खातो आणि तिखट कमी पडलं म्हणून आईला चिडवतो. मी रिटायर झाल्यावर तोच एक दिवस पेनड्राइव्ह घेऊन आला. म्हणाला, "सर, आता रिकामे आहात. आमच्याकडचे सिनेमे बघा. खाली इंग्रजी येतं, तुम्ही इंग्रजीचे मास्तर आहात." मी बघितले. पहिल्या दोन सिनेमांत मला फक्त हिरवा रंग आणि लुंग्या दिसल्या. तिसऱ्यापासून माणसं दिसायला लागली.

मग वाचनालयाच्या हॉलमध्ये आम्ही महिन्याच्या पहिल्या शनिवारी सिनेमा दाखवायला लागलो. बायकांना आणि म्हाताऱ्यांना इंग्रजी कुठलं यायला? म्हणून मी आठवडाभर आधी सिनेमा तीनदा बघायचो, वहीत मराठी वाक्यं उतरवायचो आणि पडद्याच्या बाजूला खुर्ची टाकून माइकवर वाचायचो. बाप मी, लेक मी, पाद्री मी, दारुडा मी. सतरंजीवर बायका, मागं खुर्च्यांवर पुरुष. छत्रीचा सिनेमा तुला आठवतो का? आपण दाखवलेल्या सिनेमांची खरी नावं गावात कुणाला येत नाहीत, गावानं आपली नावं ठेवली. चर्चच्या जत्रेत मिरवणुकीची पहिली रेशमी छत्री कुणी धरायची यावरून दोन घरं भांडतात, आणि शेवटी छत्री धरायला कुणी उरत नाही. अर्ध्यातच पाटलांच्या आळीतला एक जण ओरडला, "अरे, हा तर आपल्या फेट्याचा तमाशा हाय!" आधी मानाचा फेटा कुणाला बांधायचा यावरून आपल्याकडं त्याच वर्षी हाणामारी झाली होती. सगळा हॉल हसला. भांडलेले दोघंही हसले, आणि पुढच्या वर्षी पुन्हा भांडले.

मला त्या सिनेमांचं काय आवडलं ते मी तुला कधी नीट सांगितलं नाही. ते लोक आपलं गाव दाखवतात तेव्हा त्यात सगळं असतं. होडी, रबराची झाडं, माशाचं कालवण, चहाची टपरी, पेपर वाचत राजकारण कुटणारे रिकामटेकडे. इतकं प्रेमानं दाखवतात की बघणाऱ्याला तिथं जाऊन राहावंसं वाटतं. आणि मग त्याच प्रेमानं ते त्या घराच्या आत शिरतात आणि बापाच्या खुर्चीपुढं कॅमेरा ठेवतात. खलनायक बाहेरून येत नाही. तो भला माणूस असतो, त्याला गावात मान असतो. जोस म्हणायचा, "आमच्याकडं गावाला नावं ठेवायची असतील तर सिनेमा काढतात. तुमच्याकडं नावं ठेवायच्या आदल्या दिवशी सत्कार करतात." मी म्हणायचो, मग तुमचं केरळ एव्हाना सुधारलं असेल. त्यावर तो म्हणायचा, "कुठलं सर! माझा सख्खा भाऊ असला सिनेमा लागला की टीव्ही बंद करतो. घरातली घाण वेशीवर टांगतात म्हणतो. पण पुढचा सिनेमा त्या टीव्ही बंद करण्यावर निघतो."

आता जे लिहितो ते तुला अर्धवट ठाऊक असेल. मी वाक्यं बदलायचो. पहिल्यांदा शिव्या बदलल्या, त्यात काही वावगं नव्हतं, बायका बसलेल्या असायच्या. मग एका सिनेमात मुलगा बापाला म्हणतो की तुमची जात तुमच्याजवळ ठेवा. मी वाचलं, "बाबा, आता जमाना बदलला." एका सिनेमात बायको नवऱ्याला म्हणते की वीस वर्षांत तुम्ही मला एकदाही विचारलं नाही. मी वाचलं, "तुम्ही दमला असाल." जोस पहिल्या रांगेत बसून सगळं ऐकायचा. त्याला दोन्ही भाषा येतात, त्याच्यापासून काय लपणार? गाडीत बसताना विचारायचा, "सर, ती बाई काय म्हणाली आणि तुम्ही काय म्हणालात?" मी सांगायचो, गाव आहे जोस, हॉल वाचनालयाचा आहे, पुढच्या महिन्यात किल्ली मिळायला हवी. लोक मात्र खूश होते. रस्त्यात थांबवून म्हणायचे, "सर, तुमच्या आवाजात सिनेमा लई गोड वाटतो." मला ते ऐकायला आवडायचं. गोड वाटतो याचा अर्थ काय, हे मी कधी स्वतःला विचारलं नाही.

गेल्या दिवाळीला तू आलीस. शुक्रवारी दुपारी परसात मी तुळशीला पाणी घालत होतो. तू येऊन पायरीवर बसलीस आणि म्हणालीस, "आण्णा, आदिनाथ हात उचलतो. मी आता इथंच राहू का?" तुझं वाक्य जसंच्या तसं लिहितो आहे, ते मी विसरलेलो नाही. तू दंडावरचा डाग दाखवलास. मी काय म्हणालो तेही लिहितो. मी म्हणालो, "रहा की चार दिवस. मी बोलतो जावईबापूंशी." तू म्हणालीस, चार दिवसांचं नाही म्हणत मी. मी पाण्याचा तांब्या ठेवला आणि म्हणालो, आधी चहा घेऊ.

त्या संध्याकाळी मी खर्ड्याला श्रीमंतरावांना फोन केला. तुझे सासरे फार नम्रपणे बोलले. पोराचं जरा डोकं तापट आहे, खताच्या दुकानात उधारीवाल्यांचा ताप असतो, तुम्ही मास्तर माणूस, तुम्हाला काय सांगायचं, सोमवारी गाडी पाठवतो. एवढ्यावर माझं समाधान झालं. खरं तर समाधान नाही झालं, सुटका झाली.

दुसऱ्या दिवशी शनिवार, सिनेमाचा दिवस. त्या महिन्याचा सिनेमा जोसनं निवडला होता. रिटायर पोस्टमास्तरची लेक नवऱ्याचं घर सोडून पेटी घेऊन माहेरी येते. बाप अंगणात पेपर वाचत बसलेला आहे. तो ओरडत नाही, मारत नाही, फक्त पेपर खाली करत नाही. कॅमेरा त्या पेपरवर राहतो आणि मागं आई पेटी उघडताना दिसते. मग लेक म्हणते, "मी परत जाणार नाही. हे घर माझं नसेल तर तसं सांगा." बाप म्हणतो, "लोकांना काय सांगू?" ती म्हणते, "खरं सांगा." पुढचा सगळा सिनेमा म्हणजे चर्चमधले, नात्यातले, शेजारचे एकेक जण चहाला येतात, लेक कधी आली विचारतात, आणि बाप प्रत्येकाला वेगळं खोटं सांगतो. शेवटपर्यंत त्याच्या तोंडून खरं निघत नाही. शेवटी दूध आणायला गेलेली लेकच दुकानात, रांगेत उभ्या बायकांपुढं, सांगून टाकते.

ज्योती, ही वाक्यं माझ्या वहीत बरोबर लिहिलेली होती. तू यायच्या आठवडाभर आधीच मी ती उतरवली होती, आणि या वेळी बदलायची नाहीत असंही ठरवलं होतं, कारण सिनेमा मला फार आवडला होता. शुक्रवारी रात्रीच्या जेवणाआधी मी वही काढली आणि ती खोडली. वर लिहिलं, "बाबा, चार दिवस राहून जाते." आणि बापाच्या वाक्याच्या जागी, "बरं झालं आलीस, पोरी." शनिवारी तू आईशेजारी सतरंजीवर बसली होतीस. मी तेच वाचलं. बायकांनी सुस्कारे सोडले, किती मायाळू बाप आहे म्हणून. मी तुझ्याकडं पाहिलं नाही.

सिनेमा संपल्यावर गोजरबाई उठली. तिला अक्षर येत नाही, पण डोळे शाबूत आहेत. भर हॉलमध्ये कमरेवर हात ठेवून म्हणाली, "सर, येक इचारू का? ती पोरगी चार दिस ऱ्हायला आली म्हनलात. आली तवा झाडाला बारके फणस हुते. मंग त्ये मोठे झाले, मंग पिकले, मंग कापून खाल्ले, तरी पोरगी तितंच. चार दिसात फणस पिकतो व्हय?" लोक हसायला लागले. मी माइक हातात घेतला आणि म्हणालो, "केरळात पिकतो, गोजरबाई." हॉल दणाणला. इतका हशा मी नोकरीत कधी मिळवला नव्हता. गोजरबाई हसली नाही. म्हणाली, "आसंल बाबा. आमच्याकडं न्हाई पिकत." मग मी तुझ्याकडं पाहिलं. तू चपला शोधत होतीस. जोस भिंतीला टेकून उभा होता. त्या दिवशी त्यानं मला काही विचारलं नाही.

सोमवारी गाडी आली. तुझ्या आईनं ओटी भरली. गाडी जाताना ती एवढंच म्हणाली, "लेकीला ठिवून घ्यायला पन गावाला इचारायचं का?" मी म्हणालो, तुला काय कळतं यातलं. मग खुर्चीत बसून श्रीमंतरावांना मोबाईलवर मेसेज लिहिला: "ज्योती आनंदात आली, आनंदात निघाली. आपल्या स्नेहाबद्दल आभारी आहोत." त्यानंतर माघ महिन्यात आदिनाथनं तुझ्या कानशिलात मारली. तू पाच आठवडे कुणाला सांगितलं नाहीस. सांगून काय होतं, ते मी तुला दिवाळीत दाखवलंच होतं. मग चैत्रात तू निघालीस.

तू श्रीरामपूरला पोचल्यावर आठ दिवसांनी जोस इथं आला होता. घरात आला नाही, ओट्यावरच बसला. त्यानं जे सांगितलं ते बहुधा तुलाही माहीत नाही. गेल्या नागपंचमीला, दिवाळीच्या आधीच, तू एलियाम्माकडं गेली होतीस आणि पाठीवरचे वळ दाखवून, कुणाला सांगायचं नाही अशी शपथ घातली होतीस. तिनं शपथ पाळली, पण नवऱ्यापासून लपवता आलं नाही. त्यालाही मला सरळ सांगता येईना. म्हणून त्यानं तो सिनेमा आणला. माझ्यासाठी आणला होता, गावासाठी नाही. म्हणाला, "मला वाटलं, सर तीन वेळा बघणार, वहीत लिहिणार, मग मोठ्यानं वाचणार. एवढं केल्यावर माणसाला कळतं." मी म्हणालो, कळलं होतं जोस. मग त्यानं त्याच्या धाकट्या बहिणीबद्दल सांगितलं. तिलाही वडिलांनी दोनदा परत पाठवलं होतं. हाच सिनेमा त्यांच्या गावी लागला तेव्हा घरचे सगळे मिळून गेले होते, आणि पेपरच्या त्या प्रसंगाला त्याचे वडील उठून थिएटरबाहेर गेले. मी विचारलं, मग बहिणीचं काही बदललं का? "नाही. सिनेमानं घर बदलत नाही, सर. पण माझ्या वडिलांना निदान उठून जावं लागलं. तुम्ही इथं कुणालाच उठू दिलं नाहीत." एवढं बोलून तो गेला. चहा तसाच राहिला. त्यानंतर मी हॉलची किल्ली परत केली.

आता कोर्टाचं. काल मी श्रीरामपूरला आलो होतो. तुझ्या दारावरून गेलो, थांबलो नाही. तुझ्या वकील रुमानाबाईंना भेटलो. खर्ड्याच्या लोकांनी जो लेखी जबाब दिला आहे तो त्यांनी मला वाचायला दिला. मुलीनं माहेरी कधीही तक्रार केली नाही, दिवाळीत ती चार दिवस राहून राजीखुशीनं परत आली, असं त्यात आहे, आणि पुराव्याला माझा मेसेज जोडला आहे. माझं वाक्य, माझं नाव, तारीख. मी रुमानाबाईंना विचारलं की साक्षीदारांच्या यादीत माझं नाव का नाही. त्या आधी टाळत होत्या. मग म्हणाल्या, "सर, राग मानू नका. ज्योतीनंच सांगितलंय, आण्णांना बोलवू नका म्हणून. कोर्टात उभे राहिले तरी ते गोडच बोलतील म्हणाली." मला राग आला नाही. जिन्याचा कठडा धरून खाली उतरलो आणि स्टँडवर दोन गाड्या गेल्या तरी बसून होतो.

हे पत्र त्यासाठी आहे. माझं नाव यादीत घालू दे. घरी ये म्हणत नाही, माफ कर म्हणत नाही, फोन घे म्हणत नाही. फक्त रुमानाबाईंना हो म्हण. बुधवारपर्यंत कळवलंस तर नाव देता येईल, पुढच्या तारखेला अकरा वाजता पुकारा होईल असं त्या म्हणाल्या. मी काय बोलणार ते आधीच इथं लिहून देतो, म्हणजे तुला ताडून बघता येईल: मुलीनं दिवाळीच्या शुक्रवारी मला मारहाणीचं सांगितलं, दंड दाखवला, राहू का असं विचारलं, आणि मी तिला परत पाठवलं. मग त्यांचे वकील विचारतील, बाप असून का पाठवलीत? मी सांगणार आहे की गावात मला मान आहे, तो जाईल अशी भीती वाटली, आणि मुलीपेक्षा मला तो जास्त जपावासा वाटला. मग ते मेसेज दाखवतील, हा खोटा का? मी हो म्हणणार. सोनईचे लोक तिथं असतील, श्रीमंतराव असतील, दुसऱ्या दिवशी घरोघरी कळलेलं असेल. तिथवर मी निभावून नेईन. पण रुमानाबाई म्हणाल्या, त्यानंतर ते नक्की विचारतील की तेव्हा खोटं लिहिणारा माणूस आज खरं बोलतो आहे कशावरून. त्यावर काय सांगायचं, ते मला अजून सुचलेलं नाही. त्यांनाही सुचलेलं नाही. पण तो प्रश्न येणार आहे.

तुझाच, अजूनही तसं लिहायची मुभा असेल तर,
आण्णा